‘तूं खंयचो?’ : स्थलांतरितांच्या मुलांचा अभ्यास करताना

मांडवीकाठ

गोव्यातल्या सरकारी दवाखान्यातलं नेहमीचं दृश्य घ्या. तापलेलं पोर आईच्या कडेवर आणि पुढे नऊ-दहा वर्षांची थोरली बहीण. डॉक्टर कोंकणीत सांगतात, ‘जेवचे आदीं एक गुळी.’ मुलगी आईकडे वळून कन्नडमध्ये म्हणते, ‘ऊटक्के मुंचे’, म्हणजे जेवणाआधी. ताप कधीपासून, असं विचारल्यावर ती आईला न विचारताच ‘तीन दिवस’ सांगते, कारण रात्री कपाळावर पट्ट्या तिनेच ठेवलेल्या असतात. मग आई बराच वेळ काहीतरी बोलते, त्यातलं अर्धंच डॉक्टरांपर्यंत पोचतं. उरलेलं मुलगी गाळते. कामावरचा खाडा, मुकादमाचं बोलणं, हे डॉक्टरांना कशाला सांगायचं, हे तिने तिथल्या तिथे ठरवलेलं असतं.

ही मुलगी कन्नड की गोंयकार (गोव्याची), हा प्रश्न या दवाखान्यात काहीच कामाचा नाही. मार्जरी ओरेयाना या शिक्षणाच्या अभ्यासक बाईंनी शिकागो आणि लॉस एंजेलिसमधल्या स्पॅनिशभाषक घरांत नेमकं हेच काम वर्षानुवर्षं पाहिलं. त्यांचं पुस्तक २००९ चं. स्पॅनिशमध्ये ‘पारा’ म्हणजे ‘साठी’. तो शब्द धरून त्यांनी या कामाला ‘पारा-फ्रेझिंग’ म्हटलं, म्हणजे दुसऱ्यासाठी बोलणं. ‘बिचारं पोर दोन संस्कृतींच्या कात्रीत सापडलंय’ ही आपली ठरलेली समजूत. ओरेयानांनी दाखवलं की ते पोर घराचा कारभार चालवत असतं. फॉर्म भरतं, पत्रं वाचतं, घरमालकाशी बोलतं.

गोव्यात या विषयावर प्रबंध, प्रकल्प किंवा सर्वेक्षण करणाऱ्यांसाठी हा चर्चेचा धागा. पद्धत काय वापरावी, कुठे चुकतं, का चुकतं, एवढंच इथे लिहूया. स्थलांतरित हवेत की नकोत, यासाठी दुसरे धागे आहेत.

तिळारी

सुरुवात मानववंशशास्त्रज्ञ फ्रान्झ बोआसपासून करायला हवी. अमेरिकन सरकारच्या स्थलांतर आयोगासाठी त्यांनी न्यूयॉर्कमध्ये स्थलांतरित आणि त्यांची मुलं मिळून सुमारे १८ हजार माणसं मोजली, अहवाल १९११ चा. मुख्य माप शीर्षनिर्देशांक : डोक्याची रुंदी भागिले लांबी, गुणिले १००. त्या काळी हा आकडा वंशाचा कायमचा शिक्का मानला जाई. बोआसना दिसलं की पूर्व युरोपातून आलेल्या ज्यूंच्या अमेरिकेत जन्मलेल्या मुलांची डोकी आईबापांपेक्षा लांबट, तर सिसिलीच्या लोकांच्या मुलांची उलट आखूड झाली होती. शिक्का पुसट झाला, तोही एका पिढीत.

हे सांगताना पुढचा वाद गाळू नका. बोआसनी कच्ची आकडेवारी १९२८ मध्ये छापली, म्हणून ती पुन्हा तपासता आली. २००२ मध्ये स्पार्क्स आणि जँट्झ यांनी तीच आकडेवारी घेऊन म्हटलं की परिस्थितीचा परिणाम आनुवंशिकतेच्या मानाने फारच थोडा आहे. २००३ मध्ये ग्रॅव्हली, बर्नार्ड आणि लेनर्ड यांनी तीच आकडेवारी घेऊन म्हटलं की बोआस मुळात बरोबर होते. दोघांचे प्रश्न थोडे वेगळे होते, म्हणून उत्तरंही वेगळी आली. प्रबंधात यातला एकच गट देणं म्हणजे वाचकाला अर्धवट माहिती देणं.

आणि मराठीत लिहिताय तर इरावती कर्व्यांना विसरू नका. जन्म १९०५, ब्रह्मदेशात. नावही तिथल्या इरावदी नदीवरून. सातव्या वर्षी शिक्षणासाठी पुण्याला हुजूरपागेत. म्हणजे त्या स्वतःच स्थलांतरित मूल होत्या. पुढे बर्लिनमध्ये ऑयगेन फिशर यांच्या हाताखाली कवट्यांच्या असममितीवर प्रबंध केला. मार्गदर्शकाला वंशभेद सापडायला हवा होता, बाईंच्या मोजमापांत तो सापडला नाही आणि त्यांनी तसंच लिहिलं. नंतर जाई निंबकरांबरोबर कोयना धरणामुळे उठलेल्या लोकांचं सर्वेक्षण केलं. मोजपट्टी आणि घरोघरची भेट, दोन्ही एकाच माणसाच्या हातात असण्याचं आपल्याकडचं हे उदाहरण आहे.

पाटीपेन्सिल

शाळेच्या बाजूने लिहितो. सर्वांत जास्त घोळ ‘मातृभाषा’ या एका रकान्यात आहे.

लमाणी (बंजारा) कुटुंब कर्नाटकातल्या विजापूर किंवा गदगकडून आलं की पटावर मातृभाषा ‘कन्नड’ लिहिली जाते. घरात बोलतात गोरबोली, जी राजस्थानीला जवळची आहे आणि कन्नडशी तिचं नातंच नाही. कन्नड ही त्यांची बाजाराची आणि गावची भाषा. वर जनगणनेत लंबाडीची, म्हणजे याच गोरबोलीची, गणती हिंदीच्या गटात होते. म्हणजे मूल घरी एक बोलतं, शाळा दुसरी लिहिते आणि जनगणना तिसरीत बेरीज करते. २०११ च्या जनगणनेत गोव्यात कोंकणी सुमारे ६६ टक्के, मराठी ११, हिंदी १०, कन्नड ५ च्या आत. हे आकडे वापरताना त्या हिंदीत काय काय मिसळलंय ते ध्यानात ठेवा.

म्हणून ‘घरी कोणती भाषा बोलता?’ हा प्रश्न विचारूच नका. त्याला एकच उत्तर येतं आणि ते बहुतेक वेळा समोरच्याला बरं वाटेल असं असतं. माणसावार विचारा. कागदावर उभ्या ओळी : आई, बाप, आजी, धाकटं भावंड, घरमालक, भुसारी दुकानदार, बाई, वर्गमित्र, मोबाईलवरचा मामा. प्रत्येकापुढे दोन घरं, ‘तू त्यांच्याशी’ आणि ‘ते तुझ्याशी’. ही दोन घरं वेगळी ठेवली नाहीत तर सगळी मेहनत वाया. आई गोरबोलीत बोलते आणि मूल हिंदीत उत्तर देतं, हा बदल तिथेच सापडतो. एका मुलाला पंधरा-वीस मिनिटं लागतात.

आता मराठी माध्यमातल्या चुकांबद्दल. कन्नडमध्ये निर्जीव वस्तू सगळ्या नपुंसकलिंगी. म्हणून कन्नड बोलणारं मूल ‘खुर्ची पडलं’, ‘दरवाजा उघडं आहे’ असं म्हणतं. बाई वैतागतात. पण ही चूक गोंधळातून येत नाही, ती नियमाने होते. पहिल्या भाषेचा नियम मूल इमानाने पाळतंय. तीन लिंगांसाठी ‘तो-ती-ते’ वस्तूंबरोबर तोंडी म्हणवून घेतलं, रोज दहा मिनिटं, तर ती हळूहळू सुटते. नुसती लाल शाई मारून काही होत नाही.

आणखी एक गोष्ट, अभ्यासकांसाठी फार महत्त्वाची. मराठीत ‘आपण’ आणि ‘आम्ही’ वेगळे, ऐकणारा आत की बाहेर ते त्यातून कळतं. कन्नडमध्ये दोन्हीला ‘नावु’. त्यामुळे मूल बाईंना ‘आम्ही उद्या सहलीला जाणार ना?’ असं विचारतं आणि ऐकणाऱ्याला वाटतं, याने आपल्याला वगळलं. मुलाखतीच्या उताऱ्यात ‘आम्ही’ किती वेळा आलं ते मोजून ‘परकेपणाची भावना’ असा निष्कर्ष काढला तर तो मराठी व्याकरणाचा निष्कर्ष होईल, मुलाच्या मनाचा नव्हे.

काजूबी

या मुलांना ‘थर्ड कल्चर किड्स’ म्हणता येईल का? हल्ली प्रत्येक लेखात हा शब्द दिसतो.

मांडवीकाठ

माझ्या मते नाही. जॉन आणि रूथ हिल युसीम हे दांपत्य १९५० च्या दशकात भारतात आलं ते इथे राहणाऱ्या अमेरिकन लोकांचा अभ्यास करायला : अधिकारी, मिशनरी, तंत्रज्ञ. मायदेशाची पहिली, यजमान देशाची दुसरी, आणि या मंडळींच्या आपसांतल्या वावरातून तयार झालेली तिसरी संस्कृती. तिच्यात वाढलेल्या मुलांसाठी रूथबाईंनी हा शब्द वापरला. त्या मुलांच्या मागे संस्था होती, परतीचं तिकीट होतं, स्वतंत्र शाळा होती. सांकवाळच्या झोपडपट्टीतल्या मुलामागे यातलं काय आहे? शब्द उचलला की त्याच्या मागची पगाराची पावतीही उचलावी लागते. दुबई-मस्कतला वाढलेल्या गोंयकार मुलांना मात्र तो बऱ्यापैकी लागू पडेल.

दूधसागर

मार्सेलो आणि कारोला स्वारेझ-ओरोस्को यांचं काम पद्धतीसाठी वाचायलाच हवं. तो मानववंशशास्त्रज्ञ, ती मानसशास्त्रज्ञ. चीन, हैती, डॉमिनिकन प्रजासत्ताक, मेक्सिको आणि मध्य अमेरिका इथून आलेली सुमारे ४०० मुलं त्यांनी पाच वर्षं पाहिली. एकदा प्रश्नावली भरून घेतली आणि सुटले, असं नाही. तीच मुलं, दर वर्षी.

त्यांचं एक साधन साधं आहे, अर्धं वाक्य पुरं करणं. आपल्याकडे ते असं होईल : ‘इथल्या बहुतेक लोकांना वाटतं, आमच्या गावची माणसं ____ असतात.’ त्यांना आलेल्या उत्तरांत मोठा भाग वाईट शब्दांचा होता. समाज मुलापुढे जो आरसा धरतो तो मुलाने किती आत घेतलाय, हे त्यातून कळतं.

गोव्यात हे करताना तीन गोष्टी सांभाळा. वाक्य ‘आमच्या गावची’ असं ठेवा, ‘कर्नाटकातली’ किंवा ‘घाटी’ असा शब्द प्रश्नात घालू नका. ‘घाटी’ शब्द आपण पुरवला तर उत्तरही आपणच पुरवल्यासारखं होतं, आणि मुलाला तो अपमान अभ्यासकाच्या तोंडून ऐकावा लागतो. दुसरं, हे वाक्य कधीच शेवटी ठेवू नका. त्यानंतर ‘मला ____ छान जमतं’ यासारखी दोन-तीन वाक्यं हवीत, म्हणजे मूल कडवट चव घेऊन उठत नाही. तिसरं, लेखी घेतलं तर मूल शुद्धलेखनाच्या भीतीने सोपा शब्द निवडतं. तोंडी घ्या, आणि ज्या भाषेत उत्तर आलं त्याच भाषेत टिपा.

याच अभ्यासात दिसलं की ८५ टक्के मुलांची स्थलांतराच्या काळात आई, बाप किंवा दोघांपासूनही ताटातूट झाली होती. आपल्याकडे हा प्रश्न प्रश्नावलीत जवळजवळ नसतोच. ‘गोव्यात कधी आलात?’ एवढंच विचारतात आणि कुटुंबप्रमुखाचं साल घेऊन मोकळे होतात. बाप आधी येतो, मागून आई, थोरलं मूल आजीकडे राहतं, धाकटं इथेच जन्मतं. प्रत्येकाचं साल वेगळं. घरातल्या प्रत्येक मुलासाठी एक पट्टी आखा, जन्मापासून आजपर्यंत, आणि दर वर्षाखाली लिहा : कुठे, कोणाबरोबर. साल आठवत नसेल तर ‘धाकट्याच्या जन्माआधी की नंतर?’, ‘दात पडत होते तेव्हा?’ असं विचारलं की बरोबर जागेवर येतं.

चिऱ्याची_भिंत

घरात काय ज्ञान आहे ते कोण मोजतं? ॲरिझोनातल्या टूसॉन इथे लुईस मोल, नॉर्मा गोन्झालेझ आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी शिक्षकांनाच क्षेत्रअभ्यास शिकवून मेक्सिकन मुलांच्या घरी पाठवलं. गाजलेला लेख १९९२ चा. ‘फंड्स ऑफ नॉलेज’, म्हणजे घराकडे साठलेली ज्ञानाची पुंजी. भेटी साधारण तीन : पहिलीत कुटुंबाचा आणि कामांचा इतिहास, दुसरीत रोजचं काय चालतं, तिसरीत मुलं वाढवण्याबद्दल आईबापांना काय वाटतं.

इथे गवंड्याच्या घरी गेलात तर हे सापडेल : आठ सूत म्हणजे एक इंच. बापाबरोबर साइटवर बसणाऱ्या मुलाला दोन सूत म्हणजे पाव इंच आणि चार सूत म्हणजे अर्धा, हे तोंडपाठ असतं. चिऱ्याच्या भिंतीसाठी एक घमेलं सिमेंट आणि सहा घमेली रेती, गिलाव्याला एकास चार, हे गुणोत्तर ते रोज बघतं. काटकोन बसतोय का ते पाहायला सुतळीवर तीन फूट, चार फूट आणि तिरकस पाच फूट. पायथागोरस अजून चार इयत्ता लांब आहे, पण त्याची दोरी घरात आहे. ओळंबा, गुण्या, थापी, रंधा हे शब्द मराठीच आहेत आणि त्या मुलाला ते वर्गातल्या इतरांपेक्षा जास्त येतात. तेच मूल गणिताच्या पेपरात २/८ = १/४ पाशी अडतं, कारण तिथे सूत नाही, नुसते आकडे आहेत. शिक्षकाने एकदा फळ्यावर इंचपट्टी आखून सुताने अपूर्णांक शिकवून पाहावेत.

लमाणी बायकांच्या भरतकामातही तेच. आरसा मध्ये धरून चारी बाजूंना टाके मोजून टाकायचे, सममिती चुकली तर पट्टा उसवायचा. पण इथेच एक धोका आहे. शाळा ही पुंजी वेशभूषेच्या दिवशी घागरा नेसवून खर्च करते आणि गणिताच्या तासाला विसरते. असं झालं तर घरभेटींचा फायदा शून्य.

पाटीपेन्सिल

चिऱ्याची_भिंत, अगदी. त्याला जोडून प्रवेशाबद्दल लिहितो, कारण मूल पटावरच नसेल तर अभ्यास कोणाचा करणार?

शिक्षण हक्क कायदा २००९, वय ६ ते १४. कलम ४ प्रमाणे मुलाला वयानुसार वर्ग मिळतो. कलम ५ प्रमाणे दुसऱ्या शाळेचा दाखला यायला उशीर झाला म्हणून प्रवेश अडवता येत नाही. कलम १४ प्रमाणे वयाचा पुरावा नाही म्हणूनही नाही. भाषा येत नाही म्हणून नऊ वर्षांच्या मुलाला पहिलीत बसवतात, ते कायद्याविरुद्ध आहे आणि मुलासाठी वाईट. सहा वर्षांच्या मुलांत नऊ वर्षांचं मूल तोंड उघडत नाही. वयाच्या वर्गात बसवून विशेष प्रशिक्षण द्यायचं, आदर्श नियमांप्रमाणे किमान तीन महिने, जास्तीत जास्त दोन वर्षं.

गावी कन्नड शाळेत दोन वर्षं गेलेल्या मुलाला ‘निरक्षर’ धरू नका. वर्णमालेचा क्रम तोच आहे, क-ख-ग-घ, काना-मात्रा-वेलांटीची कल्पनाही तीच. फक्त आकार नवे. एका कागदावर कन्नड आणि देवनागरी अक्षरं समोरासमोर लिहून दिली तर मूल स्वतःच जोड्या लावतं. दोन ठिकाणी अडतं : कन्नडमध्ये ए-ओ ऱ्हस्व आणि दीर्घ असे वेगळे आहेत, मराठीत नाहीत. आणि मराठी च-ज चे दोन उच्चार (‘चमचा’ आणि ‘चहा’) कानाने शिकावे लागतात.

अभ्यासकांनी हजेरीपट वारांप्रमाणे लावून बघावा. म्हापशाचा बाजार शुक्रवारी, हणजुण्याचा हंगामात बुधवारी. घरचे तिथे विकायला बसत असतील तर धाकट्या भावंडाला सांभाळायला कोणीतरी लागतं. महिन्याची सरासरी काढली की हे दिसेनासं होतं आणि शेरा पडतो : ‘अनियमित, पालक उदासीन.’

शिगमो

सगळं खरं. पण आमच्याच भुरग्यांना (मुलांना) आज धड कोंकणी येत नाही, धड मराठी येत नाही. आधी त्यांच्याकडे बघायला नको का? बाहेरच्यांचीच काळजी सगळे करतात.

तिळारी

शिगमो, तुमची कळकळ खरी आहे आणि प्रश्नही याच विषयातला आहे. गोंयकार हा जुना स्थलांतरित. मुंबईत गावागावांच्या कुडी (गावकऱ्यांची सामायिक वसतिगृहं) होत्या, तिथे राहून माणसं बोटीवर गेली, पूर्व आफ्रिकेला गेली. आज पोर्तुगीज पासपोर्टवर गेलेल्या कुटुंबांची मुलं इंग्लंडमध्ये स्विंडनच्या शाळांत बसतात. तिथली शिक्षिका त्यांच्या ‘मातृभाषा’ रकान्यात काय लिहीत असेल, पोर्तुगीज? वर पाटीपेन्सिलनी दिलेला माणसावार तक्ता त्या मुलांना जसाच्या तसा लावता येतो. दोन्हीकडच्या मुलांना एकच साधन लावलं तर तुलना तरी होईल. एकाकडे बघितलं म्हणजे दुसऱ्याकडे पाठ फिरवली, असं होत नाही.

ओळख सीमेवर कशी बदलते ते कागदांतही बघा. मानववंशशास्त्रज्ञ फ्रेडरिक बार्थ यांनी १९६९ मध्ये मांडलं की गटाची ओळख त्याच्या आतल्या चालीरीतींपेक्षा सीमेवर, दुसऱ्याशी व्यवहार करताना घडते. लमाणी कर्नाटकात अनुसूचित जातीत, महाराष्ट्रात विमुक्त जातींत, तेलंगणात अनुसूचित जमातीत, गोव्याच्या अनुसूचित जातींच्या यादीत नाहीतच. शिवाय १९९० च्या सर्वोच्च न्यायालयाच्या निकालाप्रमाणे एका राज्यातला दर्जा स्थलांतरानंतर दुसऱ्या राज्यात चालत नाही. तेच मूल, चार राज्यांत चार नावं. ‘जात’ हा रकाना भरताना दाखला कोणत्या राज्याचा, हे लिहिलं नाही तर त्या माहितीला अर्थ नाही.

जनगणनेत स्थलांतरित म्हणजे जन्मस्थान किंवा आधीचं वास्तव्य दुसरीकडे असलेला. इथे जन्मून इथेच वाढलेलं मूल त्या व्याख्येत बसत नाही. गल्लीत मात्र त्याला ‘भायलो’च (बाहेरचा) म्हणतात. दोन्ही व्याख्या वेगळ्या लिहा.

नवखा_२

मुलांकडून वस्तीचा नकाशा काढून घ्यायचाय, चौथी-पाचवीची मुलं. नीट पायऱ्या सांगाल का?

मांडवीकाठ

नक्की. आधी संमती. आईबापांची, त्यांच्या भाषेत मोठ्याने वाचून. अंगठा घेतला म्हणजे समजलं, असं नाही. ‘मी काय विचारणार आहे ते तुम्ही मला सांगा’ म्हटल्यावर त्यांना सांगता यायला हवं. मग मुलाची स्वतःची, आणि मधेच उठून जायची मुभा. घरमालकाची किंवा कंत्राटदाराची परवानगी ही संमती नव्हे. उलट तो दारात उभा असेल तर त्या दिवशी काम थांबवा.

जागा शाळेबाहेरची, वेळ रविवार सकाळ. चार-पाच मुलं, जास्त नको. प्रत्येकाला मोठा कागद, पेन्सिल, चार रंगीत खडू. रबर देऊ नका, खोडलेलं आपल्याला हवं असतं. पट्टी तर नकोच, पट्टी दिसली की भूमितीचा तास सुरू होतो.

‘चित्र काढ’ म्हणू नका. म्हटलंत तर दोन डोंगर, मधे सूर्य, खाली कौलारू घर आणि नदी येणार. ‘गावाहून मामा आला, त्याला तुझ्या दारापासून सगळीकडे जाता यावं असं काढून दे’ म्हणा. काय कोणत्या क्रमाने काढलं ते शेजारी आकड्याने टिपा, नळ आधी की शाळा आधी, हे बोलकं असतं. नकाशा झाल्यावर हिरव्या खडूने जिथे एकटं जाता येतं ते, लाल खडूने जिथे जायचं नाही ते, निळ्याने जिथे मराठी-कोंकणी बोलावं लागतं ते. मग गप्प बसा आणि बोट ठेवून सांगू द्या. लाल जागेबद्दल ‘का’ विचारताना इतर मुलं ऐकत नाहीत ना, ते बघा. तिथे कधी मारहाणीची किंवा त्याहून वाईट गोष्ट निघते. तेव्हा अभ्यास बाजूला ठेवायचा आणि १०९८ या चाइल्डलाइनला, मुलांच्या मदतवाहिनीला, फोन करायचा. त्याची तयारी आधी करून जा, तिथे जाऊन विचार करायला वेळ नसतो.

मूळ कागद मुलाला परत द्या, आपल्याकडे फोटो. फोटोवरचं नाव झाका.

नवखा_२

आभारी आहे. एक शेवटचं. शाळेने नावं द्यायला नकार दिला तर पटावरच्या आडनावांवरून स्थलांतरित मुलं वेगळी काढली तर चालेल?

पाटीपेन्सिल

नाही. शाळेने नकार दिला तर तो नकारच आहे, मागच्या दाराने नावं काढू नका. आणि तसंही आडनावावरून कळत नाही. राठोड, चव्हाण, पवार, जाधव ही लमाण्यांचीही कुळं आहेत. चव्हाण वाचून तुम्ही त्याला इथला मराठा धराल. दुसऱ्या शाळेत त्याच घरातल्या भावाचं आडनाव ‘लमाणी’ असं लिहिलेलं असतं, कारण प्रवेशाच्या दिवशी कोणीतरी जात विचारली आणि तेच आडनावाच्या रकान्यात गेलं. दोन सख्खे भाऊ तुमच्या यादीत दोन गटांत पडतील. वस्तीत जा, दार वाजवा, आणि नाव कसं लिहायचं ते त्या मुलालाच विचारा.